संप, घेराव आणि कारखान्याचं गेट : कायदा मालकाला कुठपर्यंत संरक्षण देतो?



सातवीच्या नागरिकशास्त्रात मूलभूत हक्क शिकवताना आपण फळ्यावर कलम १९ मधली स्वातंत्र्यं लिहितो. बोलण्याचं, शांततेने आणि विनाशस्त्र एकत्र जमण्याचं, संघटना स्थापन करण्याचं, देशात कुठेही फिरण्याचं, कुठेही राहण्याचं आणि शेवटी कोणताही व्यवसाय करण्याचं. पहिल्या दोन-तीन मुद्द्यांवर आपण भरपूर बोलतो. शेवटच्याला येईपर्यंत तास संपत आलेला असतो. "म्हणजे आपल्याला आवडेल तो धंदा करता येतो" असं एक वाक्य सांगून आपण पुढच्या हक्काकडे वळतो.

गंमत अशी की यातली दोन स्वातंत्र्यं कधीकधी अगदी समोरासमोर उभी राहतात. संघटना करण्याचं स्वातंत्र्य कारखान्याच्या गेटबाहेर मांडव घालून बसलेलं असतं आणि व्यवसायाचं स्वातंत्र्य गेटच्या आत अडकलेलं असतं. मधे पोलीस उभे असतात. मग मूल घरी येऊन विचारतं, "बाबांनी काहीच चुकीचं केलं नाही, मग पोलीस का आले?" किंवा दुसरं मूल विचारतं, "आमची गाडी त्यांनी आत का जाऊ दिली नाही?" दोन्ही प्रश्न रास्त आहेत. आणि दोन्ही मुलं एकाच बाकावर बसणारी असू शकतात. औद्योगिक वसाहतीजवळच्या शाळेत शिकवणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.

म्हणून या लेखात एकच प्रश्न घेऊया. कामगारांच्या आंदोलनात एखाद्या उद्योगाची अडवणूक झाली तर कायदा त्याला कोणतं संरक्षण देतो, आणि ते संरक्षण कुठे संपतं? वर्गात हे सगळं सांगायचं नाही. पण शिक्षकाला आणि पालकाला स्वतःला ते माहीत असेल तर मुलाला दिलेलं उत्तर एका बाजूला झुकत नाही.

आधी तीन गोष्टी वेगळ्या करू

मुलांना समजेल अशा भाषेत सांगायचं तर मैदानावरचं उदाहरण घ्या. एक मुलगा म्हणतो, "मला पहिली बॅटिंग नसेल तर मी खेळणार नाही." तो खेळायचा थांबला. हा झाला संप. तो मैदानाच्या कडेला उभा राहून इतरांना सांगतो, "बघा, माझ्यावर अन्याय झाला, तुम्हीही खेळू नका." ही झाली निदर्शनं. आणि तिसरी गोष्ट म्हणजे तो स्टंप उपटून खेळपट्टीवर आडवा झोपतो, "आता कोणालाच खेळू देणार नाही" म्हणतो. ही अडवणूक.

चौथीच्या मुलालाही यातला फरक कळतो. मोठ्यांच्या जगात मात्र तो पुसट होतो, कारण तिन्ही गोष्टी एकाच मांडवाखाली, एकाच घोषणेत चाललेल्या असतात. वर्तमानपत्रही "कामगारांचे आंदोलन" एवढाच मथळा देतं. आपण बोलताना "संप" म्हणतो तेव्हा नेमकं यातलं काय चाललंय, हे आधी विचारायला हवं. कायदा पहिल्या दोन गोष्टींना जागा देतो, काही अटी घालून. तिसरीला तो थांबवतो. उद्योगाला जे काही संरक्षण आहे ते मुख्यतः या तिसऱ्या गोष्टीपासूनचं आहे.

पहिला मनाई हुकूम कोणाविरुद्ध होता?

आता थोडं मागे जाऊ. १९२० साली मद्रासमधल्या बकिंगहॅम आणि कर्नाटिक गिरण्यांमध्ये वाद पेटला. तिथे मद्रास लेबर युनियन नावाची संघटना होती, बी. पी. वाडिया हे तिचे पुढारी. कंपनी मद्रास उच्च न्यायालयात गेली आणि न्यायालयाने युनियनच्या पुढाऱ्यांना मनाई हुकूम दिला. कामगारांना काम सोडायला उद्युक्त करायचं नाही, कारण तसं केल्याने मालक आणि कामगार यांच्यातला करार मोडतो, असा त्याचा आशय होता.

म्हणजे बघा, "कामगार-वादात उद्योगाला न्यायालयाचं संरक्षण" हा विषय आपल्याकडे शंभर वर्षांपूर्वीच सुरू झाला. पण तो सुरू झाला फार एकतर्फी. "संप करा" असं नुसतं सांगणं हाच अपराध ठरला तर संघटना करून उपयोग काय? हा प्रश्न मध्यवर्ती कायदेमंडळात मांडणारा माणूस आपल्या महाराष्ट्राचा होता. नारायण मल्हार जोशी. १९२१ मध्ये त्यांनी कामगार संघटनांची नोंदणी आणि संरक्षण यासाठी कायदा करावा असा ठराव मांडला. त्यातून पुढे १९२६ चा कामगार संघटना कायदा आला. नोंदणी झालेल्या संघटनेच्या पुढाऱ्यांवर केवळ संपाची हाक दिली म्हणून कटाचा खटला भरता येणार नाही आणि करार मोडायला लावला म्हणून दिवाणी दावा लावता येणार नाही, अशी दोन कवचं या कायद्याने दिली. (आता तो कायदा २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेत विलीन झाला आहे, पण ही दोन कवचं नव्या संहितेतही आहेत.)

मी हा भाग मुद्दाम आधी सांगितला. कारण उद्योगाच्या संरक्षणाची चर्चा बऱ्याचदा इथे सुरूच होत नाही. संघटनेला मिळालेलं कवच आधी, आणि त्या कवचाच्या मर्यादा नंतर, असा क्रम आहे. पुढे न्यायालयांनी पुन्हा पुन्हा सांगितलं ते असं की हे कवच शांततेच्या मार्गाने चाललेल्या संपाला आहे. मारहाण, धमकी, कोंडून ठेवणं, मालमत्तेची नासधूस हे त्या कवचात बसत नाही.

घेराव : आपला शब्द इंग्रजी शब्दकोशात कसा गेला

या विषयातलं सगळ्यात बोलकं प्रकरण पश्चिम बंगालचं आहे.

१९६७ साली तिथे संयुक्त आघाडीचं सरकार आलं. सुबोध बॅनर्जी कामगार मंत्री झाले. कामगारांनी व्यवस्थापकाला त्याच्या खोलीत घेरून बसायचं, मागणी मान्य होईपर्यंत बाहेर पडू द्यायचं नाही, असे प्रकार एकामागून एक घडू लागले. कधी काही तास, कधी रात्रभर. पाणी नाही, पंखा बंद, फोन तोडलेला, अशाही तक्रारी न्यायालयात आल्या. घेराव हा शब्द त्या वर्षी इतका गाजला की पुढे तो इंग्रजी शब्दकोशात जाऊन बसला.

पण न्यायालयापुढे खरा प्रश्न घेरावाइतकाच पोलिसांचाही होता. २७ मार्च १९६७ रोजी सरकारने एक परिपत्रक काढलं. कारखान्यात घेराव झाल्याची तक्रार आली तर पोलिसांनी आधी कामगार मंत्र्यांना कळवावं आणि त्यांच्या सूचनेनंतरच हस्तक्षेप करावा, असा त्याचा अर्थ होता. जूनमध्ये दुसरं परिपत्रक निघालं. त्याची भाषा थोडी सौम्य होती, पण रोख तोच होता. म्हणजे घरात चोर शिरला तर पोलिसांनी आधी गृहमंत्र्यांना फोन लावावा, तसं काहीसं.

जय इंजिनिअरिंग वर्क्स ही कंपनी कलकत्ता उच्च न्यायालयात गेली. नाव ओळखीचं वाटणार नाही, पण उषा शिलाई मशीन आणि उषाचे पंखे घरात पाहिले असतील ना? तीच ही कंपनी. पाच न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे सुनावणी झाली, मुख्य न्यायमूर्ती डी. एन. सिन्हा त्यात होते. सप्टेंबर १९६७ मध्ये निकाल लागला आणि दोन्ही परिपत्रकं रद्द झाली.

निकालातली मांडणी शिक्षकांनी समजून घेण्यासारखी आहे. न्यायालयाने असं म्हटलं नाही की घेराव नावाचा एक गुन्हा कायद्यात लिहिलेला आहे. तसं नाहीच. घेराव म्हणजे माणसाला चहूबाजूंनी घेरून किंवा जागेचा जबरदस्तीने ताबा घेऊन केलेली शारीरिक नाकेबंदी. ती करताना माणसाची वाट अडवली, त्याला कोंडून ठेवलं, धमकावलं, मारलं, तर ते ते गुन्हे घडतात. आणि असा दखलपात्र गुन्हा घडत असेल तर तो थांबवणं हे पोलिसांचं कायद्याने ठरवून दिलेलं काम आहे. ते काम मंत्र्याच्या परवानगीवर लटकवता येत नाही. गुन्हा करणारा कामगार आहे आणि मागणी पगाराची आहे, म्हणून त्याला वेगळा नियम लागत नाही. त्याच न्यायाने, कारखाना मालकाचा आहे म्हणून त्यालाही वेगळा नियम लागू शकत नाही. माझ्या मते या निकालाचं खरं मोल इथे आहे. तो संपाच्या विरुद्ध नाही. पोलिसांनी कायद्यावर चालावं, मंत्र्याच्या मर्जीवर नाही, एवढंच तो सांगतो. उद्या मालकाच्या बाजूचा मंत्री आला आणि "कामगारांची तक्रार घेऊ नका" असं परिपत्रक निघालं, तर हाच निकाल कामगारांच्या कामी येईल.

वाट अडवणं आणि कोंडून ठेवणं यासाठी पूर्वी भारतीय दंडसंहितेत ३३९ ते ३४२ ही कलमं होती. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत ती १२६ आणि १२७ झाली. वाट अडवण्याला एक महिन्यापर्यंत साधी कैद किंवा दंड किंवा दोन्ही, कोंडून ठेवण्याला एक वर्षापर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. ही शिक्षा तुमच्या-माझ्या बाबतीतही तशीच आहे, कारखान्यापुरती खास नाही.

नुसतं बघण्याची मजुरी

आता केरळ. मल्याळममध्ये एक शब्द आहे, नोक्कुकूली. नोक्कु म्हणजे बघणं आणि कूली म्हणजे मजुरी. बघण्याची मजुरी! ट्रकमधून माल उतरवायचा आहे. मालकाने आपली माणसं आणली किंवा क्रेन लावली. तिथल्या हमालांच्या युनियनचे लोक येतात, बाजूला उभे राहून बघतात आणि म्हणतात, हे काम आमच्या हद्दीतलं होतं, तुम्ही दुसऱ्याकडून केलंत, तरी आमची मजुरी द्या. नाही दिली तर गाडी हलू देत नाहीत.

याच्या मुळाशी एक चांगली गोष्ट होती, हे विसरून चालणार नाही. डोक्यावरून ओझी वाहणारा माणूस म्हणजे सगळ्यात असुरक्षित कामगार. आज काम आहे, उद्या नाही. पाठ गेली की पोट गेलं. केरळने १९७८ मध्ये या हमालांसाठी कायदा केला, नोंदणी, कल्याण मंडळ, कामाची हमी दिली. आपल्या महाराष्ट्राने त्याच्याही आधी, १९६९ मध्ये, माथाडी कायदा केला. त्यामागे अण्णासाहेब पाटलांनी उभी केलेली चळवळ होती. माथाडी मंडळात मालकाने मजुरी आणि त्यावर लेव्ही भरायची, त्यातून कामगाराला भविष्य निर्वाह निधी, सुट्टीचा पगार, बोनस मिळायचा. मार्केट यार्डात पाठीवर पोती वाहणाऱ्या माणसाची मुलं त्या जोरावर शिकली, हे आपण डोळ्यांनी पाहिलेलं आहे.

पण संरक्षणासाठी केलेली व्यवस्था कधीकधी दुसऱ्याची वाट अडवायला वापरली जाते. केरळात घर बांधणाऱ्या साध्या माणसालाही याचा त्रास होऊ लागला. शेवटी राज्य सरकारने कामगार संघटनांशी बोलून १ मे २०१८ पासून ही प्रथा बंद केली. बघा, तारीखही कामगार दिनाची. तरीही २०२१ च्या सप्टेंबरमध्ये तिरुवनंतपुरमला विक्रम साराभाई अवकाश केंद्राकडे जाणारी अवजड यंत्रसामग्रीची गाडी अडवली गेली आणि दहा लाख रुपये मागितल्याच्या बातम्या आल्या. एवढं अवजड यंत्र हातांनी उतरवणं कोणालाच शक्य नव्हतं. पैसे कशाचे मागितले, तर बघण्याचे!

त्याच सुमारास केरळ उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती देवन रामचंद्रन यांच्यापुढे पोलीस संरक्षण मागणारी प्रकरणं आली. व्यावसायिक म्हणत होते की आम्हाला आमचं काम शांतपणे करू द्या, एवढंच पोलिसांना सांगा. न्यायालयाने पोलिसांना संरक्षण द्यायला सांगितलं, नोक्कुकूली मागणाऱ्यांवर खंडणीसारख्या कलमांखाली गुन्हे नोंदवायला सांगितलं आणि हा शब्दच केरळात ऐकू येऊ नये अशी अपेक्षा व्यक्त केली. पण सोबत आणखी एक गोष्ट सांगितली. कामगारांना काम नाकारलं जात असेल, तर त्यांनी कल्याण मंडळाकडे आणि कायद्याने दिलेल्या दारांकडे जावं. रस्त्यावर गाडी अडवू नये.

आपल्याकडेही खऱ्या माथाडीच्या नावावर खोटे लोक वसुली करतात, अशी तक्रार उद्योजक वर्षानुवर्षं करत आहेत. आणि खरी माथाडी मंडळी म्हणतात की या खोट्यांमुळे आमचा कायदाच मोडीत निघेल. मला वाटतं, दोघांचंही दुखणं एकच आहे.

आपल्या राज्याचा कायदा

महाराष्ट्रात या विषयावर एक खास कायदा आहे. नाव लांबलचक आहे : महाराष्ट्र कामगार संघटनांना मान्यता देण्याबाबत व अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबत अधिनियम, १९७१. प्रत्यक्षात तो १९७५ पासून लागू झाला. कामगार न्यायालयांत वकील त्याला इंग्रजी आद्याक्षरांनी ओळखतात.

या कायद्यात अनुचित प्रथांच्या याद्या आहेत. दुसऱ्या आणि चौथ्या अनुसूचीत मालकाने काय करू नये ते आहे. संघटनेत गेला म्हणून कामगाराला काढणं, धमकावणं, मालकाच्याच पैशातून खोटी युनियन उभी करणं, कामगारांना वर्षानुवर्षं बदली किंवा हंगामी म्हणूनच ठेवून कायमचे हक्क न देणं वगैरे. आणि तिसऱ्या अनुसूचीत संघटनांनी काय करू नये ते आहे. बेकायदा संपाला चिथावणी देणं. काम करू इच्छिणाऱ्या कामगाराला गेटवर शारीरिकरीत्या अडवणं. त्याला किंवा व्यवस्थापनातल्या माणसांना मारहाण किंवा दमदाटी. मुद्दाम संथ काम करणं. कामाची वेळ संपल्यावर आत ठाण मांडून बसणं. घेराव. आणि मालकाच्या किंवा अधिकाऱ्याच्या घरासमोर निदर्शनं करणं.

हा शेवटचा मुद्दा मला फार माणुसकीचा वाटतो. भांडण कारखान्याचं आहे, ते घरातल्या लेकरापर्यंत नेऊ नका.

अशी अडवणूक झाली तर कंपनी औद्योगिक न्यायालयात तक्रार करते. साधारणपणे ९० दिवसांच्या आत. प्रकरण वर्षभर चाललं तर तोवर धंदा बसेल, म्हणून न्यायालयाला अंतरिम आदेशाचा अधिकार आहे. असे आदेश सहसा काय सांगतात? गेटपासून अमुक मीटरच्या आत जमायचं नाही, मालाची गाडी आणि कामावर जाणारी माणसं अडवायची नाहीत, त्या अंतराच्या बाहेर शांतपणे निदर्शनं करायला हरकत नाही. हे शेवटचं वाक्य लोक वाचत नाहीत. आदेश मोडला तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड अशी तरतूद आहे.

संपालाही अटी आहेत. चौदा दिवसांची नोटीस हवी. मान्यताप्राप्त संघटना असेल तर सभासदांचं मतदान घेऊन बहुमत मिळवायला हवं. अशा अटी मोडल्या तर कामगार न्यायालय संप बेकायदा असल्याचं जाहीर करू शकतं. पण इथे कायद्याने एक खिडकी उघडी ठेवली आहे : जाहीर झाल्यापासून ४८ तासांत संप मागे घेतला तर तो बेकायदा धरत नाहीत. माघारीला जागा ठेवणारे कायदे मला आवडतात. शाळेतही आपण मुलाला "जा, सॉरी म्हणून ये" अशी एक संधी देतोच की.

देशभरासाठीची नवी औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली. तिने चौदा दिवसांच्या नोटिशीची अट सगळ्याच औद्योगिक आस्थापनांना लावली. शिवाय एका आस्थापनेतल्या निम्म्या किंवा जास्त कामगारांनी ठरवून एकाच दिवशी किरकोळ रजा टाकली, तर तोही संप मानला जाईल. अनुचित प्रथांची यादी तिच्यातही आहे, मालकांची आणि संघटनांची दोन्ही. कामगार संघटनांचं म्हणणं असं की या अटींनी संप करणं जवळजवळ अशक्य होईल. उद्योजकांचं म्हणणं असं की अचानक संप झाला तर परदेशी ऑर्डर हातची जाते, नोटीस मिळाली तर निदान तयारी करता येते. वाद चालू आहे आणि तो वर्गात एका बाजूने सोडवून देणं हे आपलं काम नाही.

संरक्षण कुठे संपतं

इथे जरा थांबूया, कारण पालकांपैकी जे छोटे कारखानदार, वाहतूकदार किंवा दुकानदार आहेत त्यांचा गैरसमज इथेच होतो. "कोर्टाचा आदेश आणला, आता संप मोडला" असं नसतं.

न्यायालय वाट मोकळी करून देतं. कामगाराला कामावर आणून उभं करत नाही. पोलीस गाडी आत जाऊ देतील, पण ती कोण भरणार, हे पोलीस ठरवत नाहीत. आणि पोलीस संरक्षण मागणारा स्वतः कायद्याने वागलेला असावा लागतो. पगार थकवले, कामगारांना परस्पर कमी केलं, बेकायदा टाळेबंदी केली आणि मग संरक्षण मागायला गेला, तर न्यायाधीश आधी तेच विचारणार.

नुकसानभरपाईचंही तसंच. बिहारमधल्या रोहतास इंडस्ट्रीजच्या प्रकरणात संप बेकायदा ठरला होता आणि लवादाने कामगारांनी कंपनीला भरपाई द्यावी असं सांगितलं होतं. ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि भरपाई टिकली नाही. न्यायालयाचं म्हणणं थोडक्यात असं की बेकायदा संपाची शिक्षा काय, हे औद्योगिक विवाद कायद्यातच लिहिलेलं आहे, त्याच्या बाहेर जाऊन धंद्याचा सगळा तोटा कामगारांच्या खिशातून वसूल करता येणार नाही.

उलट बाजूने, संप हा मूलभूत हक्क आहे असंही सर्वोच्च न्यायालयाने मानलेलं नाही. संघटना करणं हा मूलभूत हक्क, संप हा कायद्याने दिलेला आणि कायद्याने बांधलेला हक्क. १९६१ च्या बँक कर्मचाऱ्यांच्या प्रकरणापासून ही भूमिका आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं मत मात्र वेगळं होतं. १९३८ मध्ये मुंबई प्रांतात औद्योगिक विवाद विधेयक आलं तेव्हा त्यांनी विधानसभेत कडाडून विरोध केला. काम नाकारण्याचं स्वातंत्र्य काढून घेणं म्हणजे माणसाला गुलाम करणं, असा त्यांचा युक्तिवाद होता. ७ नोव्हेंबर १९३८ ला मुंबईत त्या विधेयकाविरुद्ध एक दिवसाचा मोठा संपही झाला. हा संदर्भ वर्गात नक्की द्यावा. आंबेडकर फक्त संविधानाच्या पाठात भेटतात, कामगारांचे पुढारी म्हणून मुलांना ते फारसे माहीत नसतात.

आणि गिरणी संप. १८ जानेवारी १९८२. सुमारे अडीच लाख कामगार. कायदा तेव्हाही होता. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याप्रमाणे वाटाघाटी करायचा अधिकार एकाच प्रातिनिधिक युनियनला होता, आणि कामगार मात्र गेले डॉ. दत्ता सामंतांच्या मागे. कामगारांना ज्याच्या तोंडून बोलायचं होतं त्याला कायद्याने तोंडच नव्हतं. संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. गिरण्यांच्या जागी आज काय उभं आहे ते लोअर परळला जाऊन बघावं. गेटचं संरक्षण कागदावर कितीही भक्कम असलं, तरी बोलायची खोली बंद असेल तर गिरणीही वाचत नाही आणि गिरणी कामगारही नाही. हे माझं मत आहे, कोणाला पटेल, कोणाला नाही.

वर्गात कसं घ्यायचं

पाचवीच्या खाली हा विषय पाठ म्हणून घेऊ नका. मैदानाचं उदाहरण पुरेसं आहे. सहावी-सातवीला एक तास घेता येईल.

मी खडूने वर्गात जमिनीवर एक गेट आखते. चार मुलं कामगार, दोन व्यवस्थापन, एक ट्रक ड्रायव्हर, दोन कामावर जाऊ इच्छिणारे कामगार, एक पोलीस, एक न्यायाधीश. मुलांना चिठ्ठ्या टाकून भूमिका द्या, कोणाचे वडील काय करतात ते बघून नको. हे फार महत्त्वाचं आहे. ज्याच्या घरी संप चालू आहे त्याला वर्गात उभं करून "तुझे बाबा काय म्हणतात?" असं कधीही विचारू नये. गावात तणाव असेल तर तो आठवडा हा पाठ घेऊच नये, महिनाभराने घ्या.

खेळात एक गोष्ट हमखास घडते. ड्रायव्हर झालेलं मूल वैतागतं. त्याचं दोघांशी भांडण नसतं, तरी गाडी त्याचीच अडते. डिझेल त्याचं, भाड्याचा दिवस त्याचा. एकदा एका मुलीने ड्रायव्हर म्हणून न्यायाधीशाला विचारलं, "माझं नाव तुमच्या कागदात कुठे आहे?" न्यायाधीश झालेल्या मुलाकडे उत्तर नव्हतं. माझ्याकडेही पटकन नव्हतं.

तोच प्रश्न गृहपाठाला द्या. मालक, कामगार, ड्रायव्हर, आणि गेटसमोरची चहाची टपरी चालवणारी बाई यांपैकी एकाच्या बाजूने न्यायाधीशाला अर्ज लिहा. दहा ओळी पुरेत. अर्जात तीन गोष्टी हव्यात : माझी अडचण काय आहे, मला नेमकं काय हवं आहे, आणि समोरच्याचं कोणतं म्हणणं मला मान्य आहे. तिसरी ओळ मुलांना सगळ्यात जड जाते, तिच्यासाठी दोन दिवस जास्त द्या. पालकांनी घरी मदत करायला हरकत नाही, फक्त अर्ज तुम्ही सांगून लिहून घेऊ नका, लगेच ओळखू येतो.